खायलाबाई

आमच्या गावाच्या शिवेवर, म्हसवडकडे जाणाऱ्या रस्त्याच्या डाव्या अंगाला, एक पाटी लागली आहे. निळ्या पत्र्यावर पांढरी अक्षरं, ‘श्री कैलाई देवी’. खाली बारीक अक्षरांत ‘जागृत देवस्थान’. पाटीमागे लिंब, लिंबाखाली छातीएवढी सिमेंटची घुमटी, घुमटीला स्टीलचं दार. पहिल्यांदा ती पाटी वाचली तेव्हा मी गाडी कडेला घेऊन एकटाच हसत बसलो. मग उतरून जवळ गेलो. दारात पळसाच्या पानावर दहीभात होता, सकाळीच कुणीतरी ठेवलेला, आणि त्याला मुंग्या लागल्या होत्या. हसू तिथेच थांबलं.

ही देवी मी आणि आक्काने केली. १९७९ च्या जुलै महिन्यात, एका दुपारी, हाताने केली. मी नऊ वर्षांचा, आक्का, म्हणजे माझी चुलत बहीण, अकराची. लागलेलं साहित्य असं: एक दगड, मारुतीच्या देवळातून पळवलेला वाटीभर शेंदूर आणि आबांच्या विटक्या सदऱ्याची दोन बटणं. तेव्हा तिचं नाव कैलाई नव्हतं. तेव्हा ती खायलाबाई होती आणि ती सगळं जग खाणार होती.

नाव आम्ही ठेवलं नाही. ते थोरल्या आजीच्या कानाने ठेवलं.

अमेरिकेने १९७३ च्या मे महिन्यात आकाशात एक घर सोडलं होतं, स्कायलॅब. अंतराळवीरांच्या तीन तुकड्या त्यात राहून आल्या. शेवटची तुकडी १९७४ च्या फेब्रुवारीत परतली आणि घर ओस पडलं. सत्त्याहत्तर टनांचं ओस घर. पुढे नवं यान जाऊन त्याला वर ढकलेल असा बेत होता, पण ते यान वेळेत तयार झालं नाही. त्यातच सूर्यावरची खळबळ वाढली, तिने पृथ्वीभोवतीची हवा तापून फुगली, आणि त्या हवेला घासत घासत घर खाली येऊ लागलं. हे सगळं मी फार नंतर वाचलं. तेव्हा गावाला कळलं ते एवढंच की वरून काहीतरी पडणार आहे आणि कुठे पडणार ते पाठवणाऱ्यालाही सांगता येत नाही.

आमच्या सोप्यातल्या खोलीत शाळेचे गुरुजी भाड्याने राहायचे. संध्याकाळी ते पेपर मोठ्याने वाचायचे. ‘स्कायलॅब’ हा शब्द त्यांनी दोनदा वाचला तशी आजीने तांदूळ निवडता निवडता विचारलं, “कोन बाई म्हनला?”

“बाई नाही आजी, स्कायलॅब.”

“खायला बाई? काय खायला?”

“समदं,” आबा खाटेवरून म्हणाले. आबांना चेष्टेची सवय होती आणि ती चेष्टा आजीपर्यंत पोचत नाही हेही त्यांना ठाऊक होतं. आजीने सूप खाली ठेवलं, हात जोडले आणि पुन्हा तांदूळ निवडायला घेतले. गुरुजी हसले, आम्ही हसलो. पण दुसऱ्या दिवशी पाण्याच्या रांगेत तीन बायकांच्या तोंडी तेच नाव होतं.

गावाला असल्या बातमीचा अगदीच सराव नव्हता असंही नाही. १९६२ च्या फेब्रुवारीत आठ ग्रह मकर राशीत एकत्र आले होते, त्या अष्टग्रहीच्या वेळीही जग बुडणार होतं. यज्ञ झाले, सप्ताह झाले, काहींनी उधारी फेडली आणि काहींनी, कशाला आता म्हणून, फेडली नाही. जग बुडालं नाही. १९६७ च्या डिसेंबरात मात्र कोयनेला भूकंप झाला आणि त्याची आगाऊ बातमी कुणीच दिली नव्हती. आबा हा हिशेब मोठ्या खुशीत सांगत. सांगून आलेला प्रलय येत नाही, असा त्यांचा सिद्धान्त.

दगडाचं सांगायला हवं. माण तालुक्यात राहणाऱ्याला दगडाचं सांगायलाच लागतं. बहात्तरच्या दुष्काळात शिवेवर खडी फोडायचं काम निघालं होतं. १९७३ च्या उन्हाळ्यात राज्यभर पन्नास लाखांच्या घरात माणसं अशा कामांवर होती. त्यांत माझी आई होती, आक्काची आई होती, आणि त्यांच्या मागे सुकडी खाऊन, दगडांच्या सावलीला धडपीवर निजणारी आम्ही पोरं होतो. पाऊस झाला, काम उठलं. फुटलेली खडी रस्त्यात गेली, न फुटलेले दगड तिथेच राहिले. त्यातला एक काळा, पोटाशी फुगीर, वर निमुळता. त्यावर घणाचे पांढरे व्रण होते. बायका म्हणत, ह्यानं तीन दांडं मोडलं.

आक्काने तोच निवडला. “हिला कुनी फोडू शकलं न्हाई,” ती म्हणाली. त्याहून जास्त देवत्व अकरा वर्षांच्या पोरीला आणखी काय लागतं?

शेंदूर तेलात कालवला, पण तेल कमी पडलं आणि तो भुकटीसारखा गळायला लागला. बटणं डिंकाने चिकटवली. चार भोकांची पांढरी बटणं, त्यामुळे देवीच्या प्रत्येक डोळ्याला चार बुबुळं आली. आता आठवलं की वाटतं, आम्ही जे केलं ते फार भयंकर दिसत असणार. मला तर ती काहीशी आजारी वाटली होती.

पुराण आक्कानेच रचलं. मी नुसता प्रश्न विचारणारा, म्हणजे जुन्या पोथ्यांतला तो ऋषी, जो ‘मग पुढे काय झाले’ एवढंच म्हणतो.

“ही आधी डोंगर खानार. मग इहिरी. मग शाळा.”

“मारुती?”

“मारुती पन.”

“मग?”

“मग तिचं प्वाट दुखनार. इतकं खाल्ल्यावर दुखनारच की. मग ती वकनार. समदं पुन्ना भाईर. पर नवं.”

“नवं म्हंजी कसं?”

आक्का बोटं मोडत गेली. विहिरीला पाणी. मला चप्पल. शेळीला तिचं मेलेलं करडू परत. आणि चौथं बोट धरून, जरा थांबून, “मी पाचवीत.”

त्या जूनमध्ये तिला शाळेतून काढलं होतं. चौथी झाली होती, घरात तान्हा भाऊ होता, त्याला सांभाळायला कुणीतरी हवं होतं. त्या दुपारीही तो तिच्या कडेवरच होता. शेंदूर लावताना तिने त्याला माझ्याकडे दिला होता एवढंच.

पुढच्या मंगळवारी, १० जुलैला, आखाडाचा निवद होता. आषाढातल्या मंगळवारी-शुक्रवारी आमच्याकडे बायका मरीआईला निवद घेऊन शिवेवर जातात. मरीआई पटकीची देवी. पटकीत अख्खी घरं रात्रीतून बसायची, तेव्हा तिचा गाडा निघायचा. लाकडाचा छोटा गाडा करायचा, त्यात देवी बसवायची, हळदकुंकू, लिंबाचा पाला, दहीभात द्यायचा, आणि वाजतगाजत गावाच्या हद्दीबाहेर नेऊन सोडायचा. पुढच्या गावाने काय करायचं? त्यानेही तेच. गाडा ढकलायचा. कुणीही तिच्याशी भांडायला जायचं नाही. तिला आई म्हणायचं, बया म्हणायचं, पोटभर वाढायचं आणि हात जोडून म्हणायचं, आता पुढं जा. शेजारधर्म म्हणून हे फारसं शोभत नाही, पण पटकीपुढे शेजारधर्म कुणाला सुचणार!

आणि हसू नका, पण ह्यूस्टनच्या नियंत्रण कक्षातल्या लोकांनी त्याच आठवड्यात दुसरं काय केलं? स्कायलॅब थांबवणं त्यांच्या हातात नव्हतं. त्यांनी शेवटच्या तासांत त्याला असं वळवलं की ते अमेरिकेवर न पडता पुढे, केपटाउनच्या दक्षिणेला समुद्रात पडावं. गाडा हद्दीबाहेर.

आम्ही दोघं घाणेरीच्या झुडपामागे बसलो होतो. बेत सरळ होता. बायका परतल्या की मरीआईपुढच्या कापण्या उचलायच्या. आखाडात तळलेल्या गुळाच्या कापण्यांचा वास दहा पावलांवरूनही येतो. बायका आल्या, निवद दाखवला, पाणी फिरवलं, निघाल्या. थोरली आजी मागे राहिली. ती चालत आमच्या दगडाशी आली. लुगड्याच्या सोग्यातून पान काढलं, त्यावर दहीभात, चार कापण्या आणि कांद्याची फोड ठेवली. मग वाकली. तिच्या गुडघ्यांचा आवाज मला झुडपामागे ऐकू आला.

“बाई,” ती दगडाला म्हणाली, “खा आन जा. ल्योकुरवाळी हायेत समदी.”

ती गेल्यावर मी पुढे सरकलो तर आक्काने माझा दंड धरला. तिचा हात थंड होता. कापण्यांना हात लावू दिला नाही तिने. तासाभरापूर्वी तीच ‘मोठी कापनी माझी’ म्हणत होती. त्या चार कापण्या कावळ्यांनी खाल्ल्या आणि मी घरी येईपर्यंत रडत होतो, खरं तर भुकेने. पण आक्का का रडत होती ते मला तेव्हा कळलं नाही. आपण केलेली वस्तू आपल्या हातातून गेली, ही भीती नऊ वर्षांच्या मुलाला पोचत नाही. अकराव्या वर्षी पोचत असावी.

११ जुलैच्या रात्री दहा वाजून गेल्यावर, आपल्या घड्याळाप्रमाणे, स्कायलॅब पडलं. अंदाज चुकला, ते अपेक्षेइतक्या लवकर तुटलं नाही आणि त्याचे तुकडे समुद्र ओलांडून पश्चिम ऑस्ट्रेलियात एस्परन्सच्या आसपास विखुरले. कुणाला इजा झाली नाही. एस्परन्सच्या एका सतरा वर्षांच्या पोराने परसातले तुकडे उचलले आणि विमानाने सॅन फ्रान्सिस्कोला नेऊन तिथल्या वर्तमानपत्राचं दहा हजार डॉलरचं बक्षीस मिळवलं. तिथल्या नगर परिषदेने नासाला कचरा टाकल्याबद्दल चारशे डॉलरचा दंड लावला. माझ्या मते संपूर्ण प्रकरणात शहाणपणाचं वागणं या नगर परिषदेचंच.

गावात मात्र निकाल वेगळा लागला. खायलाबाई खाऊन गेली. आजीने निवद ठेवला म्हणून ती पुढे गेली. १५ तारखेला मोरारजी देसाईंनी राजीनामा दिला तेव्हा आबा म्हणाले, “तरी म्हनलं, पडनार म्हनत व्हते त्ये काय व्हतं.” पुढच्या मंगळवारी दगडापुढे सहा पानं होती.

आणि मग ११ ऑगस्ट. स्कायलॅब पडल्याला बरोबर महिना. गुजरातेत मच्छू नदीवरचं धरण फुटलं आणि मोरबी शहर पाण्याखाली गेलं. हजारो माणसं मेली. गुरुजी पेपर वाचत होते आणि मध्येच त्यांचा आवाज बसला. त्यांनी पेपर आबांच्या हातात दिला. आजीला कुणीतरी ओरडून सांगितलं. ती बराच वेळ गप्प होती, आणि मग म्हणाली, “तिकडं कुनी निवद ठिवला नसंल.”

आजी वाईट नव्हती. पण हे वाक्य मी तिला अजून माफ केलेलं नाही. देवी रचण्यातली मेख मला तिथे लागली. जे वाचतात त्यांच्या निवदाचं पुण्य होतं, आणि जे मरतात त्यांच्या माथी न केलेला निवद बसतो. सांडव्यातून किती पाणी जाऊ शकेल याचं गणित पुराहून कमी पडलं, मातीचे बांध वाहून गेले, यात कुठल्याही बाईचा हात नव्हता. गणित माणसांचं होतं. खायलाबाईने ते आपल्या पदराखाली घेतलं, आणि तो पदर आम्ही विणला होता.

पुढे शिकलो, पुण्यात आलो, नोकरी लागली. प्रलयाचं वेड मात्र गेलं नाही, मिळेल तिथे वाचत गेलो. ब्रह्मदेवाचा एक दिवस म्हणजे आपली ४३२ कोटी वर्षं, दिवस मावळला की प्रलय, उजाडलं की पुन्हा सृष्टी. हे आकडे वाचताना छाती दडपते, पण खरं सांगायचं तर आत काही हलत नाही. हललं ते मार्कंडेयाच्या गोष्टीने. सगळीकडे पाणी, त्यावर वडाची फांदी, तिथे एक बाळ. ते तोंड उघडतं आणि मार्कंडेय सरळ त्याच्या पोटात जातो. पोटात बघतो तर नद्या, डोंगर, गावं, सगळं जसंच्या तसं. खूप हिंडतो आणि मग त्याच तोंडातून बाहेर पडतो. हे महाभारतात आहे. मी वाचताना उठून बसलो. आक्काने ही गोष्ट ऐकली असण्याची शक्यता आहे, कीर्तनं होतच होती गावात. पण कीर्तनकाराने पोटदुखी सांगितली नसणार. ती तिची.

समर्थांनी दासबोधात पाच प्रलय सांगितले आहेत, दोन पिंडाचे, दोन ब्रह्मांडाचे आणि पाचवा विवेकाचा. पिंडाचा पहिला प्रलय म्हणजे रोजची झोप. हे मला फार आवडतं. प्रलय इतका घरगुती करून ठेवणं.

शास्त्रज्ञांनाही ही हौस चुकलेली नाही. पृथ्वीवरचे जीव सुमारे २ कोटी ६० लाख वर्षांच्या अंतराने मोठ्या संख्येने नष्ट होतात असं काहींना जीवाश्मांच्या नोंदींत दिसलं, तेव्हा १९८४ मध्ये एक कल्पना निघाली की सूर्याला एक अंधुक जोडीदार तारा असावा आणि तो ठरावीक काळाने धूमकेतूंचा वर्षाव आपल्याकडे लोटत असावा. तारा कुणी पाहिलेला नव्हता, पण नाव तयार होतं: नेमेसिस, ग्रीकांची सूडदेवता. पुढे दुर्बिणींनी आकाश चाळून काढलं, तारा काही सापडला नाही. मला त्या मंडळींबद्दल विलक्षण आपुलकी वाटते. त्यांच्याकडेही दोन बटणं होतीच.

आणि २०२१ च्या मे महिन्यात कोइमतूरला एका मठाने कोरोनादेवीची काळी मूर्ती बसवली, तेव्हा माझे मित्र वैतागले, फोटो पाठवून शिव्या घातल्या. मी काही बोललो नाही. मी कुठल्या तोंडाने बोलणार होतो? त्याच मे महिन्यात माझा फोन वाजला की हात कापायचा. अशा दिवसांत कुणी दगडापुढे वाकून ‘खा आणि जा’ म्हणत असेल, तर तिच्या गुडघ्यांचा आवाज मला ऐकू येतो.

तर पाटी. गेल्या आखाडात गावी गेलो होतो. घुमटीपाशी एक तरुण झाडलोट करत होता, त्याला विचारलं, देवी कुठली? त्याने न अडखळता सांगितलं. देवी मूळची कैलासावरची. महादेव शिखर शिंगणापूरला आले तेव्हा मागोमाग निघाली, इथवर येऊन दमली आणि बसली. म्हणून कैलाई. बहात्तरच्या दुष्काळात सरकारने फोडायचा प्रयत्न केला, तीन घण मोडले. (दांडे. पण मी दुरुस्त केलं नाही.) नवसाला पावते. पाऊस आणते. जग खाण्याचं नाव नाही. खायलाबाईची कैलाई होईपर्यंत तिचे दात कुणी आणि कधी काढले, ते एकाही माणसाला ठाऊक नसणार. ते असंच होतं, मंगळवारी मंगळवारी थोडं थोडं.

आत वाकून पाहिलं. शेंदराचे थरावर थर चढून दगड दुप्पट झालाय. डोळे आता पितळी, जत्रेत मिळतात तसले. आमची बटणं त्या थरांखाली कुठेतरी असतील, चार चार बुबुळांची.

मागून आवाज आला, “आत काय बघतोस? हायेत का बगतोस व्हय बटनं?”

आक्का. हातात झाकलेलं ताट. सोळाव्या वर्षी तिचं लग्न झालं, शेजारच्याच गावात दिली, आणि ती दर आखाडात इथे येते हे मला त्या दिवशी कळलं. सेहेचाळीस वर्षं. आम्ही इतक्यांदा भेटलो, लग्नांत, मयतांत, पण हा विषय निघाला नव्हता.

“आक्का, अगं आपणच केलीय ना ही,” मी हळूच म्हणालो. तो तरुण ऐकेल अशी भीती वाटली, आणि त्या भीतीचंही नवल वाटलं.

“व्हय की.”

“मग निवद?”

“आपुन केली म्हून काय उपाशी ठिवायची?”

तिने दार उघडलं, पान मांडलं, दहीभात, कांद्याची फोड, कापण्या. पाणी फिरवलं. मग गुडघ्यावर हात टेकून उठताना म्हणाली, “खाऊन बसलीया नुसती. वकायचं राह्यलंय तिचं.”

मी बघत राहिलो. तिला सगळं आठवत होतं. तिने बोट धरलं.

“इहिरीला पानी आलं. कालव्याचं का आसंना, आलं.” दुसरं बोट. माझ्या पायांकडे बघून, “तुला चप्पल आली. बूटच आलं म्हन की.” तिसरं. “करडाचं काय, शेळ्या इत्यात.”

चौथं बोट तिने धरलं नाही. पानावरची एक कापणी उचलली, मोडून अर्धी मला दिली.

“खा,” म्हणाली, “त्या वक्ताला खाऊ दिली न्हवती.”